उत्परिवर्तन : कथेतले आणि रक्तातले

जे शब्द सर्वांच्या तोंडी असतात, परंतु ज्यांचा अर्थ थोड्यांसच ठाऊक असतो, अशा शब्दांत 'म्युटेशन' या शब्दाची गणना अवश्य करावी लागेल. शालेय विज्ञानाच्या पुस्तकात त्यास 'उत्परिवर्तन' असे भारदस्त नाव आहे. तथापि आमच्या विद्यार्थ्यांनी तो प्रथम ऐकला तो पुस्तकातून नव्हे. कित्येकांनी तो चित्रपटांतून उचलला, तर कित्येकांच्या कानी तो करोनाच्या साथीत आला. २०२१ सालच्या मार्च महिन्याच्या २४ तारखेस केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने महाराष्ट्रातील नमुन्यांत विषाणूचे दोन विशिष्ट बदल एकत्र आढळत असल्याचे जाहीर केले, आणि पाहता पाहता गावोगाव 'डबल म्युटंट' आल्याची वार्ता पसरली. जणू काही दोन तोंडांचा राक्षसच वेशीवर येऊन उभा राहिला होता! वस्तुतः त्या विषाणूत दोनच नव्हे, अनेक बदल झालेले होते. त्याच कुळातील एका प्रकारास ३१ मे रोजी जागतिक आरोग्य संघटनेने 'डेल्टा' असे साधे नाव दिले. साथ भयंकर होती यात शंका नाही. परंतु त्या शब्दाने जी आकृती लोकांच्या डोळ्यांपुढे उभी केली, ती विज्ञानाने दिलेली नव्हती.

या शब्दाभोवती आपल्या समाजात दोन समजुती वावरताना दिसतात. पहिली उघड आहे : उत्परिवर्तन झाले की मनुष्य एक तर अचाट सामर्थ्याचा वीर होतो, नाही तर विक्राळ प्राणी होतो. दुसरी समजूत हा शब्द न उच्चारताच घरोघर बोलली जाते, आणि सोयरीक जुळविण्याच्या वेळी तर ती हमखास डोके वर काढते : 'त्या घराण्याचे रक्तच खराब आहे.' पहिली समजूत करमणुकीची व दुसरी अपमानाची. म्हणून या दोहोंचा एकमेकींशी संबंध आहे असे सहसा कोणास वाटत नाही. माझ्या मते त्या सख्ख्या बहिणी आहेत. शरीरातील एक सूक्ष्म बदल मनुष्यास निराळ्याच जातीचा प्राणी करून सोडतो, हा एकच भ्रम दोघींच्या मुळाशी आहे. हा भ्रम घालविणे हे आमच्या शाळांचे काम आहे, आणि ते परदेशी कथांतील उदाहरणे देऊन साधणार नाही. आपल्या रक्तातील व आपल्या शेतातील उदाहरणे देऊनच साधेल, असे मला वाटते.

या भ्रमाचा उगम विज्ञानाच्या इतिहासातच आहे, हे पुष्कळांस ठाऊक नसेल. हॉलंडमधील वनस्पतिशास्त्रज्ञ ह्यूगो द व्रीस यास ईव्हनिंग प्रिमरोज नावाच्या फुलझाडांत एकाएकी निराळ्या रूपाची रोपे उगवलेली आढळली. त्यावरून नव्या जाती हळूहळू न घडता एकाच उडीत घडतात, असे मत त्याने १९०१ पासून प्रसिद्ध होऊ लागलेल्या आपल्या ग्रंथात मांडले. पुढे असे दिसून आले की, त्या झाडांतील बहुतेक चमत्कार त्यांच्या गुणसूत्रांच्या विलक्षण रचनेमुळे घडत होते. उडीचा सिद्धान्त मागे पडला. शब्द मात्र राहिला. त्यानंतर १९२७ मध्ये अमेरिकन शास्त्रज्ञ हर्मन मुलर याने क्ष-किरणांच्या योगे फळमाशीत उत्परिवर्तने घडवून आणता येतात हे दाखविले व त्याबद्दल त्यास १९४६ चे नोबेल पारितोषिक मिळाले. आदल्याच वर्षी हिरोशिमा व नागासाकी या नगरांवर अणुबाँब पडले होते. किरण आणि शरीरातील बदल यांची सांगड आता भीतीने घट्ट बांधली गेली.

शास्त्रज्ञांनी जी उडी सोडून दिली होती, ती कथाकारांनी आनंदाने उचलली. १९५४ मध्ये जपानी पडद्यावर अणुस्फोटाने जागा झालेला गॉडझिला अवतरला. १९६२ मध्ये गॅमा किरणांनी हिरवा व महाकाय झालेला हल्क आणि किरणोत्सारी कोळ्याच्या दंशाने भिंती चढू लागलेला स्पायडरमॅन अमेरिकन चित्रकथांत आले. १९६३ मध्ये जन्मतःच उत्परिवर्ती असलेले एक्स-मेन आले. आपल्याकडे २०१३ मधील 'क्रिश ३' या हिंदी चित्रपटात मनुष्य व पशू यांच्या डीएनएची भेसळ करून 'मानवर' निर्माण करणारा खलनायक आपल्या मुलांनी पाहिलाच आहे.

या कथांस नावे ठेवावी असा माझा हेतू नाही. एक्स-मेनच्या कथेत तर निराळेपणामुळे समाजाने दूर लोटलेल्या जीवांचे दुःख आहे, आणि ते मुलांनी अवश्य ओळखावे. परंतु एवढे ध्यानात असू द्यावे की, हिरोशिमा व नागासाकी येथे वाचलेल्या लोकांच्या अपत्यांची अनेक दशके काळजीपूर्वक पाहणी झाली असून त्यांत आनुवंशिक दोषांची स्पष्ट वाढ आजवर दिसून आलेली नाही. ज्यांच्या अंगावर बाँब पडला त्यांस रक्ताचे व इतर कर्करोग झाले. हे दुःख खरे आणि भयंकर आहे. पण त्यांच्या पोटी राक्षस जन्मले नाहीत. असे असूनही त्या लोकांच्या मुलाबाळांच्या विवाहात त्याच भीतीने विघ्ने आणली. कथेतील राक्षस असा कथेबाहेर येतो, आणि तो निरपराध्यांच्याच दारात जाऊन बसतो.

मग उत्परिवर्तन म्हणजे आहे तरी काय? ते समजण्यास आपल्या भाषेतच एक उत्तम दृष्टान्त आहे. ज्ञानेश्वरी लिहिली गेल्यावर ती पिढ्यानुपिढ्या हाताने उतरवून घेतली जात असे. उतरवून घेताना कोठे अक्षर गळे, कोठे काना वाढे, कोठे एका शब्दाच्या जागी दुसरा येऊन बसे. आणि पुढचा लेखक तीच चूक इमानाने पुढे उतरवी. अखेर एकनाथ महाराजांनी शके १५०६ मध्ये अनेक प्रती ताडून पाहून शुद्ध प्रत सिद्ध केली. आपल्या प्रत्येक पेशीत डीएनए नावाची अशीच एक पोथी आहे. तिची लिपी अवघ्या चार अक्षरांची असून मनुष्याच्या पोथीच्या एका प्रतीत सुमारे ३०० कोटी अक्षरे असतात. पेशी दुभंगते तेव्हा ही सारी पोथी उतरवून घ्यावी लागते. चुका शोधून दुरुस्त करणारे शोधकही पेशीतच नेमलेले आहेत. तरीही काही चुका निसटतात. त्या निसटलेल्या अक्षराचे नाव उत्परिवर्तन. जन्मास येणाऱ्या प्रत्येक बालकात आईबापांपैकी कोणातही नसलेले असे सुमारे ६० ते ७० नवे बदल असतात. तेव्हा म्युटंट कोण, असा प्रश्न वर्गात कोणी विचारलाच, तर प्रत्येकाने बोट स्वतःकडे वळवावे.

चुकलेल्या अक्षराचा परिणाम काय होईल हे ते अक्षर कोठे चुकले यावर अवलंबून असते. आमच्या आजोबांच्या पिढीत 'नाहीं' हा शब्द अनुस्वार देऊन लिहीत. आता तो अनुस्वार गळाला, तरी अर्थाचे काहीच बिघडले नाही. परंतु 'चिंता' या शब्दातला तेवढाच अनुस्वार गळाला तर 'चिता' पेटते! बहुतेक उत्परिवर्तने पहिल्या प्रकारची, निरुपद्रवी असतात. थोडी दुसऱ्या प्रकारची असतात. आणि फारच थोडी अशी असतात की, त्यांनी वाक्य पूर्वीपेक्षा सरस होते.

त्यातही सरस कोणते आणि नीरस कोणते, हे सर्वत्र एकच नसते. आमचे कनेरगाव हे नाक्याचे गाव. १९४८ पर्यंत हिंगोली निजामाच्या हैदराबाद संस्थानात होती आणि वाशीम वऱ्हाडात. त्या दोन मुलखांची हद्द याच भागातून जात असे. नाक्यावर बसलेला मनुष्य माल निर्माण करीत नाही. जो माल वाटेने येईल त्यातला कोणता पुढे जाईल, एवढेच तो पाहतो. आणि एका मुलखात ज्यास मोकळीक, त्यास दुसऱ्या मुलखात अडवणूक असू शकते. निसर्गाची निवड ही अशीच आहे. बदल यदृच्छेने वाटेस लागतो. त्या त्या ठिकाणची हवा, अन्न व रोगराई ही त्याचा निवाडा करतात.

याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्या विदर्भात व सातपुड्यात आहे. तो सिकलसेलचा आजार होय. रक्तातील हिमोग्लोबिन नावाच्या पदार्थाच्या घडणीत ज्या साखळ्या असतात, त्यांपैकी एकीत १४६ मणी आहेत. डीएनएच्या पोथीत 'ए' या अक्षराच्या जागी 'टी' हे एकच अक्षर पडले म्हणजे त्या माळेतला सहावा मणी बदलतो : ग्लुटामिक आम्लाच्या जागी व्हॅलीन येते. हे १९५० नंतरच्या दशकात इंग्लंडमध्ये व्हर्नन इन्ग्रॅम याने शोधून काढले. एवढ्याशा बदलाने, प्राणवायू कमी पडताच, तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकड्या होतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात व हाडासांध्यांत असह्य वेदना होतात. पेशी लवकर मरत असल्याने रक्त कमी पडते आणि डोळे पिवळे दिसू लागतात.

असा घातक बदल नाक्यावरून सुटला तरी कसा? याचे उत्तर हिवतापात आहे. ज्यास आईकडून व बापाकडून असे दोन्ही जनुक बदललेले मिळतात, त्यास हा आजार होतो. ज्यास एकच मिळतो तो केवळ वाहक असतो. तो सामान्यतः निरोगी आयुष्य जगतो, आणि शिवाय तीव्र हिवतापाने मरण्याचा धोका त्यास पुष्कळ कमी असतो. पूर्व आफ्रिकेत ॲन्थनी ॲलिसन याने १९५४ मध्ये हे दाखविले. आपल्या देशात या आजाराचा शोध १९५२ मध्ये निलगिरीतील आदिवासींत लागला, आणि पुढे विदर्भातही तो आढळला. आफ्रिका, भूमध्य समुद्राचा काठ, अरबस्तान व भारत, जेथे जेथे हिवतापाने शतकानुशतके माणसे मारली, तेथे तेथे हे अक्षर टिकून राहिले. म्हणजे ज्यास आज कोणी 'खराब रक्त' म्हणतात, त्याच रक्ताने त्यांच्या पूर्वजांस जंगलात व डबक्याकाठी जगविले आहे. ही कोणा जातीची खूण नव्हे व कोणाच्या कर्माचे फळही नव्हे. ती हिवतापाविरुद्ध लढल्या गेलेल्या जुन्या लढाईची खूण आहे.

दुसरे उदाहरण मुंबईचे. १९५२ मध्येच डॉ. वाय. एम. भेंडे व त्यांचे सहकारी यांनी 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकातून एका नव्या रक्तगटाची माहिती जगापुढे ठेवली. तो आज जगभर 'बॉम्बे रक्तगट' म्हणून ओळखला जातो. तांबड्या पेशीवर 'ए' किंवा 'बी' ही खूण उमटण्यास आधी 'एच' नावाच्या पदार्थाची बैठक लागते. काही थोड्या लोकांत उत्परिवर्तनामुळे ही बैठकच तयार होत नाही. भिंतच नाही तर चित्र कोठे काढावे? नेहमीच्या तपासणीत असे रक्त 'ओ' गटाचे दिसते. पण अशा मनुष्यास 'ओ' रक्त दिले तर प्राणावर बेतते, कारण त्यास केवळ स्वतःच्याच गटाचे रक्त चालते. भारतात सुमारे दहा हजारांत एक आणि युरोपात दहा लाखांत एक, असे हे दुर्मिळ प्रमाण आहे. चित्रकथेच्या न्यायाने पाहता हा खरा उत्परिवर्ती मानव! परंतु त्यास ना पंख फुटतात ना नखे वाढतात. तो तुमच्या आमच्यासारखाच दुकानात बसतो, शेत नांगरतो, मुलांस शाळेत घालतो. मात्र त्याच्या आईबापांचे गट 'ए' व 'बी' असून हा 'ओ' दिसला, म्हणजे अर्धवट ज्ञान असलेल्या शेजाऱ्यांची जीभ आईच्या शीलावर घसरण्यास वेळ लागत नाही. अर्धे विज्ञान हे अज्ञानाहून क्रूर होऊ शकते, ते असे.

तिसरे उदाहरण आपल्या बांधावरचे आहे. तुर्भे येथील भाभा अणुसंशोधन केंद्रात किरणोत्साराने बियाण्यांत उत्परिवर्तने घडवून, त्यांतील निवडक रोपांचा संकर करून नव्या जाती तयार करण्यात आल्या आहेत. अकोल्याच्या कृषी विद्यापीठाच्या सहकार्याने १९८५ मध्ये प्रसृत झालेला 'टीएयू-१' उडीद महाराष्ट्रभर पेरला गेला. 'टीएजी-२४' भुईमूग, 'टीएटी-१०' तूर, 'टीएएमएस-३८' सोयाबीन ही त्याच कुळातील नावे होत. त्यांतील 'टी' हे अक्षर ट्रॉम्बेचे, म्हणजे तुर्भ्याचे. किरणोत्साराने कथेत हल्क घडला. शेतात लवकर पिकणारा वा अधिक भरणारा दाणा घडला. तोही काही एका रात्रीत नव्हे. हजारो दाणे किरणांखाली धरावे तेव्हा बहुतेक बदल निरुपयोगी ठरतात. उरलेल्या थोड्यांस वर्षानुवर्षे पेरून, पारखून, पुन्हा पेरावे लागते. त्या दाण्यात किरणोत्सारही उरत नाही; उरते ते केवळ एक बदललेले अक्षर.

आता जेथे खरे दुखणे आहे तेथे येऊ. आमच्या गावाच्या सोयरिकी मराठवाड्यात जशा होतात तशा विदर्भातही होतात. सिकलसेलची तपासणी सोपी आहे : थेंबभर रक्तावर सोल्युबिलिटी चाचणी करतात, आणि तीत संशय आल्यास इलेक्ट्रोफोरेसिससारख्या चाचणीने मनुष्य वाहक आहे की रुग्ण, हे ठरते. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून या आजाराच्या निर्मूलनाचे राष्ट्रीय अभियान सुरू झाले. सात कोटी लोकांची तपासणी व २०४७ पर्यंत निर्मूलन हे त्याचे उद्दिष्ट आहे. परंतु तपासणी करणे एक आणि तिचा निकाल उघडपणे सांगणे दुसरे. मुलीचे लग्न मोडेल या धास्तीने कार्ड पेटीच्या तळाशी ठेवणारे आईबाप आहेत, हे जो कोणी खेड्यात राहतो त्यास सांगावे लागत नाही. त्यांस दोष कसा द्यावा? भोवतालचा समाज त्या कार्डावर 'कलंक' हा शब्द वाचतो, म्हणून ते ते लपवितात.

आणि लपविण्याची किंमत कोण देतो? वाहकाचा विवाह बदल नसलेल्या व्यक्तीशी झाला, तर त्यांच्या एकाही अपत्यास हा आजार होणार नाही. फार तर काही अपत्ये वाहक होतील. दोन वाहकांचा विवाह झाला, तर मात्र प्रत्येक गरोदरपणी चारांत एक अशी आजाराची शक्यता असते. चौघांतील एकच आजारी होईल, असा त्याचा अर्थ नव्हे. फासा प्रत्येक वेळी नव्याने पडतो. सातव्या-आठव्या इयत्तेतील मुलासही समजेल असे हे मेंडेलचे गणित आहे. हे गणित ज्या घरात उघडपणे मांडले जाते, तेथे वाहक मुलीचे लग्न निर्वेधपणे होऊ शकते. जेथे ते झाकले जाते, तेथे दुःख पाळण्यात येऊन पडते, आणि मग दोष नेमका आईवर येतो; जरी निम्मा वाटा बापाचा असला तरी!

यावर असा आक्षेप येईल की, विवाहापूर्वी कार्ड पाहावयाचे म्हणजे रक्तावरून माणसे निवडणेच झाले. मग जुन्या समजुतीत व या नव्या विद्येत अंतर ते काय? आक्षेप बिनतोड वाटतो खरा, पण अंतर मोठे आहे. जुनी समजूत सांगते, हे घराणेच वर्ज्य करा. विज्ञान सांगते, कोणतेही घराणे वर्ज्य नाही. दोघांची कार्डे शेजारी ठेवून भावी अपत्याचा विचार तेवढा करा. पहिल्यात मनुष्याचा निवाडा आहे, दुसऱ्यात बालकाची काळजी आहे. हे अंतर टिकविण्यास कायद्याचे साहाय्यही आहे. २०१६ च्या दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांच्या कायद्याने सिकलसेल, थॅलेसेमिया व हिमोफिलिया यांचा आपल्या यादीत समावेश केला आहे. म्हणजे या रुग्णांस दया नव्हे, हक्क देऊ केलेले आहेत. शुभवर्तमानात जन्मांध मनुष्याची कथा आहे. तेथेही शिष्यांनी पापाचा धनी कोण असा प्रश्न केला होता, आणि तो दोष त्या मनुष्यावर अथवा त्याच्या आईबापांवर लादण्यास प्रभूने नकार दिला. ज्या शाळेत ती कथा वाचली जाते, तेथे तरी 'खराब रक्त' हे शब्द उच्चारले जाऊ नयेत.

शिक्षकबंधूंस व भगिनींस एक व्यवहाराची गोष्ट सांगतो. सिकलसेल असलेल्या मुलास पाणी पुष्कळ लागते. कडक थंडी, कडक ऊन व अतिश्रम त्यास बाधतात. असा मुलगा पुन्हा पुन्हा पाण्यासाठी उठला तर तो शिस्तभंग नव्हे. कवाइतीत मागे राहिला तर तो आळस नव्हे. आणि महिन्यातून चार दिवस गैरहजर राहिला तर हजेरीपटावरच्या त्या चार खुणांमागे रात्रभर विव्हळलेले एक शरीर असू शकते, हे ओळखून आपण त्याचा बुडालेला अभ्यास भरून काढावा. औषधांनी या वेदना पुष्कळ कमी करता येतात. २०२३ च्या अखेरीस तर जनुकांत फेरफार करून या आजारावर उपचार करण्यास इंग्लंड व अमेरिका येथे मान्यता मिळाली. हा उपाय अद्यापि अतिशय महाग आहे. परंतु मनुष्य आपल्या रक्तातील पोथीवर शोधकाची लेखणी चालवू लागला आहे, हे निश्चित.

विद्यार्थीमित्रहो, हल्क आणि मानवर तुम्ही खुशाल पाहा. त्यांची गंमत घ्या. मात्र चित्रपट संपून दिवे लागले म्हणजे एवढे करा. घरी सिकलसेलचे कार्ड असेल तर ते लाजेने झाकू देऊ नका, आणि दुसऱ्याच्या घरी असेल तर त्याचा बोभाटा करू नका. आजीला वा मावशीला हे चारांत एकाचे गणित तुमच्या सोप्या शब्दांत समजावून सांगा. तुम्ही सांगाल ते त्या आमच्यापेक्षा अधिक मायेने ऐकतील. आणि तपासणीचे पथक शाळेत येईल तेव्हा रांगेत सर्वांत पुढे उभे राहा, म्हणजे तुमच्या मागच्या भित्र्या मुलासही धीर येईल.